अ‍ॅक्रिलिक कापताना ते वितळून पुन्हा चिकटतंय

५ मिमीचं अ‍ॅक्रिलिक जिगसॉने (वर-खाली हलणाऱ्या पात्याची विजेची करवत) कापताना मागे चीर पुन्हा सांधली जाते, असा एकाचा प्रश्न आहे. पातं बोथट नसेल तर दोष उष्णतेचा. अ‍ॅक्रिलिक साधारण १०० अंश सेल्सिअसच्या पुढे मऊ पडतं आणि भुसा चिरेतच चिकटतो. त्यात एक्स्ट्रूडेड (यंत्रातून दाबून काढलेलं) शीट कास्टपेक्षा (साच्यात ओतून बनवलेल्यापेक्षा) लवकर वितळतं; दुकानदाराला विचारून कास्टच घ्या.

स्पीड कमी करा, जिगसॉला ऑर्बिटल सेटिंग (पातं पुढे-मागेही हलवणारं) असेल तर ते शून्यावर ठेवा. पातं बारीक दातांचं, प्लास्टिकसाठीचं. वरचा कागद किंवा फिल्म अजिबात काढू नका (मी हौसेने आधीच काढली होती, जिगसॉच्या सपाट तळाचे ओरखडे आजही दिसतात). शीट प्लायवर ठेवून सी-क्लॅम्पने घट्ट आवळा. थरथरलं की कडा तडकलीच. मधे थांबून पातं गार होऊ द्या.

३ मिमीपर्यंत सरळ काप हवा असेल तर करवत कशाला? स्टीलपट्टी लावून अ‍ॅक्रिलिक कटरने (आकडीसारख्या टोकाच्या चाकूने) आठ-दहा वेळा खाच पाडा, टेबलाच्या कडेवर धरून मोडा.

कड २२०, ४००, ६०० नंबरच्या वॉटरपेपरने क्रमाने ओली घासा. पुसायला थिनर किंवा स्पिरिट नको, बारीक तडे जातात. आणि चष्मा घालाच.