शब्दचर्चा: ‘मोंताज’ म्हणजे संकलन की संपादन?

आमच्या फिल्म क्लबच्या पत्रकासाठी फ्रेंच दिग्दर्शक एरिक रोमेरच्या ‘मा न्वी शे मोद’ (म्हणजे ‘मोदच्या घरी माझी रात्र’, १९६९) या चित्रपटाची माहिती मराठीत करतेय. फ्रेंच माहितीत सेसिल देक्युजिस या नावापुढे ‘मोंताज’ असं आहे. आपल्याकडे मोंताज म्हटलं की गाण्यासोबत झरझर वर्षं उलटणारी दृश्यं आठवतात. या सिनेमात तर माणसं रात्रभर एका खोलीत बसून बोलतात! मग संकलन लिहू, संपादन लिहू की मोंताजच ठेवू? आणि बाई आहेत, तर ‘संकलिका’ चालेल का?

*

ताई, बिनधास्त ‘संकलन’ लिहा. फ्रेंचमध्ये ‘मोंते’ म्हणजे जोडून उभं करणं. मोटारीच्या कारखान्यात सुटे भाग जोडत नेतात, त्या साखळीच्या नावातही हाच ‘मोंताज’ आहे. झरझर दृश्यांचा अर्थ हॉलिवूडने चिकटवला. त्याआधी १९२० च्या दशकात आयझेनस्टाइन वगैरे रशियन दिग्दर्शक मंडळींनी याच शब्दावर अख्खा सिद्धांत रचला होता. आपल्याकडे शब्द या दोन वाटांनी आला, पॅरिसहून थेट नाही.

*

असहमत. संकलन माहितीचं होतं, रक्ताचं होतं. गोळा करणं एवढाच त्याचा अर्थ. सिनेमात खरं काम टाकून देण्याचं. देक्युजिस बाईंचं नाव तर दिग्दर्शक गोदारच्या ‘अ बू द सुफ्ल’मुळे (१९६०) झालं. सिनेमा फार लांबला होता. अख्खे प्रसंग उडवण्याऐवजी चालू शॉटच्या पोटातूनच तुकडे काढले. उघड्या मोटारीतला प्रसंग पाहा: नायिका जीन सीबर्गची पाठमोरी मान पडद्यावर तशीच, नायक बेलमोंदोचं बोलणं चालूच, आणि मागचे रस्ते मात्र टुणटुण उड्या मारतात. याला संकलन म्हणायचं? हिंदीवाले ‘संपादन’ म्हणतात तेच बरं.

*

बरं, पण त्याच बाईंनी ‘मोद’ही केला, रोमेरचाच ‘क्लेरचा गुडघा’ही, आणि थेट १९८४ च्या ‘पौर्णिमेच्या रात्री’पर्यंत त्याच्यासोबत काम करत राहिल्या. तिथे कात्री जवळजवळ दिसतच नाही. एक बोलत असतो आणि कॅमेरा ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर थांबून असतो. बोलणाऱ्याकडे कधी वळायचं, एवढ्यावर प्रसंगाचा तोल. मोदच्या खोलीतलं ते लांबलचक संभाषण पाहाच: ती पांघरूण घेऊन पलंगावर, तो खुर्चीतून उठावं की नाही या पेचात. इथे काढून टाकण्यापेक्षा धरून ठेवणं अवघड. तुमच्या ‘काटछाटी’त हे बसत नाही, ‘जोडण्या’त दोन्ही बसतं. मला तर त्यांचं रोमेरकडचं काम जास्त मोठं वाटतं, पण नाव निघतं ते गोदारमुळे.

नुसत्या टेबलावर वाकून बसणाऱ्या बाई नव्हत्या हो त्या. अल्जीरियाच्या स्वातंत्र्ययुद्धात तिथल्या मुक्ती आघाडीला मदत केली म्हणून तुरुंगात गेल्या. तेही ‘अ बू द सुफ्ल’ गाजत होता त्याच सुमारास.

संकलिकेबद्दल: फ्रेंचमध्ये पुरुष ‘मोंतर’ आणि बाई ‘मोंतझ’, दोन्ही रूपं रुळलेली. कारण या कामात बायका पहिल्यापासूनच. मूकपटांच्या काळात फिल्मच्या पट्ट्या चिकटवायला बायकाच बसवत, ‘कोलझ’ म्हणत त्यांना. हलकं काम समजून दिलेलं, पण त्यातून पुढे मोठ्या संकलक घडल्या. लेखिकेच्या चालीवर ‘संकलिका’ व्याकरणाला धरून आहे, पण कानाला पाठ्यपुस्तकी लागतो. नामावलीत ‘संकलन: सेसिल देक्युजिस’ लिहा, म्हणजे लिंगाचा प्रश्नच नाही.

*

जोडण्याचं पटलं. पण मग ‘जुळणी’ का नको? छापखान्यात खिळे जुळवायचेच की.

*

छान शब्द, पण पत्रक वाचणाऱ्याला वाटेल छपाईचं काम कुणी केलं ते दिलंय.

*

‘संकलन’ पक्कं केलं, सगळ्यांचे आभार. आता पुढच्या महिन्यात गोदार लावतोय. ‘फो राकोर’ला मराठीत काय म्हणू? दोन शॉटमधला जोड जुळत नाही तो.

*

‘फसलेला जोड’ म्हणू नका, गोदारने मुद्दाम केलेत. ‘खटकता जोड’ बघा चालतो का.