‘स्टेगॅनोपोडीज’ या जुन्या संज्ञेचा अर्थ आणि तिचा आजचा वापर

प्रश्न – बेळगावचा एक शिक्षक

सप्रेम नमस्कार. राकसकोप आणि हिडकल या दोन जलाशयांवर दिसणाऱ्या पाणपक्ष्यांची एक छोटी मराठी-कन्नड पुस्तिका आम्ही काही शिक्षक मिळून शाळांसाठी तयार करत आहोत. माहिती पडताळण्यासाठी ब्रिटिश काळातील पक्षिविषयक ग्रंथही आम्ही चाळतो. ब्लॅनफर्ड यांनी लिहिलेल्या आणि १८९८ साली प्रसिद्ध झालेल्या खंडात पाणकावळ्याचे वर्णन ‘स्टेगॅनोपोडीज’ या गणाखाली (गण म्हणजे अनेक कुळांचा मिळून झालेला मोठा गट) दिलेले आहे. त्याच्या आधीचा गण कुरव आणि सुरय यांचा आहे, तर नंतरचा गण पेट्रेल आणि शिअरवॉटर अशा खोल समुद्रात राहणाऱ्या पक्ष्यांचा आहे. त्यामुळे वाचणाऱ्याची अशी समजूत होते की, हा मधला गणही समुद्रपक्ष्यांचाच असावा. आमच्याकडचा पाणकावळा, ज्याला शेजारचे कन्नड भाषक नीरुकागे म्हणतात, तो तर गोड्या पाण्यावर बारमाही दिसतो.

या संज्ञेचा नेमका अर्थ काय, तिच्यात कोणते पक्षी येतात, पाणकावळ्याला समुद्रपक्षी म्हणता येईल का आणि आजच्या पुस्तिकेत ही संज्ञा वापरणे योग्य ठरेल का, याविषयी जाणकारांनी मार्गदर्शन करावे. पुस्तिका मुलांच्या हाती जाणार असल्याने चुकीचे काही छापले जाऊ नये, अशी तळमळ आहे.

प्रतिसाद – खानापूरकर

आपला प्रश्न वाचून समाधान वाटले, कारण ही संज्ञा समजून घेण्यासाठी लागणारा पक्षी आपल्या दारातच आहे. ‘स्टेगॅनोपोडीज’ हे नाव ग्रीक शब्दांवरून घडवलेले असून त्याचा अर्थ ‘ज्यांचे पाय आच्छादलेले आहेत असे’, म्हणजेच बोटांमध्ये पडदा असलेले पक्षी, असा होतो. मात्र पक्षिशास्त्रात तो अर्थ अधिक काटेकोर झाला. ज्यांची पायाची चारही बोटे एकाच सलग पडद्याने जोडलेली आहेत, त्याच पक्ष्यांसाठी ही संज्ञा वापरली गेली.

बदकाच्या पायात पुढची तीन बोटे पडद्याने जोडलेली असतात. मागचे बोट लहान, थोडे वर चढलेले आणि मोकळे असते. कुरवाचेही तसेच. पाणकावळ्याचे पहिले बोट, जे इतर पक्ष्यांत सरळ मागे वळलेले असते, ते आतल्या बाजूने पुढे झुकलेले असते आणि त्याच्या व शेजारच्या बोटाच्या मध्येही पडदा असतो. म्हणजे बदकाच्या पायात दोन पडदे, तर पाणकावळ्याच्या पायात तीन. त्यातही सर्वांत बाहेरचे बोट सर्वांत लांब असते आणि मधल्या बोटाच्या नखाला आतल्या कडेने फणीसारखे बारीक दाते असतात. पाण्याखाली माशाचा पाठलाग करताना पाणकावळा दोन्ही पाय एकदम मागे रेटतो, तेव्हा हा रुंद पाय त्याच्या उपयोगी पडतो.

मुलांना हे दाखवायचे असेल तर उन्हाळ्यात, हिडकलचे पाणी उतरून हुन्नूरचे विठ्ठल मंदिर उघडे पडते त्या सुमारास, काठावरच्या ओल्या गाळात ठसे शोधावेत. बदकाच्या ठशात पुढची तीन बोटे आणि त्यांना जोडणारी पडद्याची कड दिसते, मागच्या बोटाची खूण उमटलीच तर एका ठिपक्याएवढी असते. पाणकावळ्याच्या ठशात वर सांगितलेले पहिले बोटही आतल्या बाजूला स्पष्ट उमटलेले असते. पक्ष्याला हात न लावता ही गोष्ट शिकवता येते, म्हणून ती पुस्तिकेत चित्रासह जरूर द्यावी.

संज्ञेसाठी मराठी प्रतिशब्द हवा असल्यास ‘जालपाद’ हा जुना आणि सुबोध शब्द मला योग्य वाटतो.

प्रतिसाद – निपाणीकर

पाणकावळा समुद्रपक्षी आहे की नाही, एवढ्याच मुद्द्यावर लिहितो, कारण माझी बरीच वर्षे नोकरीनिमित्त कारवारच्या किनाऱ्यावर गेली आणि हा घोळ तिथेही वारंवार ऐकला.

‘समुद्रपक्षी’ ही शास्त्रीय वर्गीकरणातील पायरी नाही. जो पक्षी आपले अन्न मुख्यतः समुद्रातून मिळवतो आणि ज्याचे जीवन खाऱ्या पाण्याशी जोडलेले आहे, त्याला आपण समुद्रपक्षी म्हणतो. मग त्याचे कूळ कोणतेही असो. पेंग्विन आणि कुरव यांचे आपसात जवळचे नाते नाही, तरी दोघेही समुद्रपक्षीच. उलट एकाच कुळातील काही जाती समुद्रावर आणि काही तळ्यांवर राहू शकतात. पाणकावळ्यांच्या कुळाचे नेमके असेच आहे. जगातील त्यांच्या अनेक जाती खडकाळ समुद्रकिनाऱ्यांवर घरटी करतात आणि समुद्रातच मासे धरतात. आपल्या भागात सर्वत्र आढळणारा छोटा पाणकावळा मात्र तळी, जलाशय, कालवे आणि भातखाचरांतील पाणी यांवर पोसला जातो. त्याला समुद्रपक्षी म्हणणे चुकीचे ठरेल. मोठा पाणकावळा हा तर याच दुटप्पी स्वभावाचे उत्तम उदाहरण आहे, कारण युरोपात तो समुद्रकिनाऱ्यावरही राहतो आणि आपल्याकडे देशावरच्या मोठ्या जलाशयांवर दिसतो.

स्टेगॅनोपोडीज गणात पाणकावळ्याबरोबर तिरंदाज, पेलिकन, बूबी व गॅनेट, फ्रिगेटपक्षी आणि ट्रॉपिकपक्षी असे सहा समूह धरले जात. यांतील तिरंदाज हा गोड्या पाण्याचा पक्षी आहे. पेलिकन आपल्या राज्यात मंड्या जिल्ह्यातील कोक्करे बेळ्ळूर येथे चक्क गावातल्या झाडांवर घरटी करतात. कन्नडात त्यांना हेज्जार्ले म्हणतात. उरलेले तीन समूह खऱ्या अर्थाने समुद्राचे आहेत. पावसाळ्यातील वादळी वाऱ्यांनी थकलेला एखादा बूबी पश्चिम किनाऱ्यावर येऊन पडल्याच्या बातम्या आपण वाचतो, तो याच गणातला.

बूबीविषयी एक गोष्ट सांगितल्यावाचून राहवत नाही. बहुतेक पक्ष्यांच्या पोटाला अंडी उबवण्याच्या काळात पिसे गळून उघडा पडलेला, रक्तपुरवठा वाढलेला एक भाग असतो, त्यातून अंड्याला ऊब मिळते. बूबी आणि गॅनेट यांना तो भाग नसतो. ते आपल्या पायाचे रुंद पडदे अंड्यावर पसरून त्या पडद्यांतील रक्ताच्या उष्णतेने अंडे उबवतात. ज्या पडद्यावरून गणाला नाव मिळाले, तोच पडदा पोहण्याइतकाच अंडी उबवण्याच्याही कामाचा ठरला आहे.

फ्रिगेटपक्ष्याचे मात्र वेगळे आहे. त्याच्या बोटांतील पडदा पार आखडलेला, बोटांच्या मुळाशीच उरलेला असतो. तो पाण्यावर उतरत नाही, उडताउडताच पृष्ठभागावरचे अन्न उचलतो किंवा दुसऱ्या पक्ष्यांना छळून त्यांच्या तोंडचा घास हिसकावतो. असा पक्षी ‘आच्छादित पायांचा’ म्हणून गणला गेला, तो पडद्याच्या रुंदीमुळे गणला गेला नाही. चारही बोटांना तो पडदा थोडाफार जोडतो, एवढ्यावरच त्याची गणना झाली.

प्रतिसाद – टिळकवाडीतील निवृत्त प्राध्यापक

वरील दोन्ही प्रतिसाद उत्तम आहेत. मी संज्ञेचा इतिहास आणि तिची आजची स्थिती यांविषयी लिहितो, कारण पुस्तिकेतील निर्णय त्यावरच अवलंबून राहील.

पडद्याच्या पायांचे पक्षी या सर्वसाधारण अर्थाने हा ग्रीक शब्द ॲरिस्टॉटलने वापरलेला आहे आणि त्यात बदकासारखे पक्षीही येत. जर्मन प्राणिशास्त्रज्ञ इलिगर यांनी १८११ साली तो चारही बोटे जोडलेल्या पक्ष्यांपुरता मर्यादित केला. त्यानंतर थोड्याच वर्षांत फ्रान्समध्ये क्यूव्हिए यांनी याच समूहाला ‘पूर्ण पडद्याचे’ या अर्थाचे वेगळे नाव दिले. त्यावरून आलेले ‘टोटिपाल्मेट’ हे विशेषण आजही पायाच्या वर्णनासाठी रूढ आहे. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस गणांची नावे एखाद्या प्रातिनिधिक प्रजातीवरून घडवण्याची पद्धत रुळली आणि पेलिकनवरून पडलेले ‘पेलिकॅनिफॉर्मीस’ हे नाव पुढे आले. विसाव्या शतकातील बहुतेक ग्रंथांत हेच सहा समूह त्या नावाखाली आढळतात. म्हणजे जवळजवळ शंभर वर्षे नाव बदलले, पण गणातली मंडळी तीच राहिली.

खरा बदल डीएनएच्या अभ्यासाने घडवला. सिब्ली आणि अल्क्विस्ट या पक्षिशास्त्रज्ञांच्या १९९० सालच्या वर्गीकरणाने या गणाच्या एकसंधपणावर मोठे प्रश्नचिन्ह उभे केले आणि २००८ साली प्रसिद्ध झालेल्या, अनेक जनुकांच्या तुलनेवर आधारलेल्या मोठ्या अभ्यासानंतर जुनी मांडणी टिकवणे अवघड झाले. आज पाणकावळे, तिरंदाज, बूबी आणि फ्रिगेटपक्षी हे सुलिफॉर्मीस या गणात ठेवले जातात. पेलिकनचे सर्वांत जवळचे नातेवाईक म्हणजे आफ्रिकेतील शूबिल आणि हॅमरकॉप, आणि त्याच गणात बगळे व शराटीही येतात. ट्रॉपिकपक्षी तर या सर्वांपासून दूरचे निघाले. त्यांचा स्वतंत्र गण मानला जातो आणि त्यांचे नाते दक्षिण अमेरिकेतील सनबिटर्न आणि न्यू कॅलेडोनिया बेटावरील कागू यांच्याशी जुळते. बगळ्याच्या लांब, मोकळ्या बोटांकडे पाहून तो पेलिकनच्या इतक्या जवळचा असेल, अशी कल्पना सहजासहजी येत नाही.

याचा अर्थ असा की, चारही बोटे जोडलेला पाय हा एकाच पूर्वजाकडून या सगळ्यांना मिळालेला वारसा म्हणून मानता येत नाही. तो वेगवेगळ्या शाखांत स्वतंत्रपणे घडला असावा किंवा काही शाखांतून नाहीसा झाला असावा. म्हणून ‘स्टेगॅनोपोडीज’ ही संज्ञा आज नात्याचा गट दाखवण्यासाठी वापरू नये. जुन्या ग्रंथाचा संदर्भ देताना ‘जुन्या वर्गीकरणातील स्टेगॅनोपोडीज गण’ असे लिहिणे निर्दोष आहे. पायाचे वर्णन करताना ‘चारही बोटे पडद्याने जोडलेली’ असे सरळ मराठीत लिहावे. हे गणनाम मूळ भाषेत बहुवचनी आहे, त्यामुळे ‘एक स्टेगॅनोपोडीज’ असा प्रयोग टाळावा. ‘स्टेगॅनोपोडीज गणातील पक्षी’ म्हणावे.

‘जालपाद’ या शब्दाबाबत मात्र माझा आक्षेप आहे. हा शब्द संस्कृतात फार जुना असून मनुस्मृतीच्या पाचव्या अध्यायात, कोणते पक्षी खाऊ नयेत हे सांगताना, चोचीने टोचणारे आणि नखांनी उकरणारे यांच्याबरोबर जालपाद हाही एक गट येतो. पण त्याचा अर्थ पायात जाळे असलेला कोणताही पक्षी असा आहे, आणि बदके व हंस त्यातून वगळता येत नाहीत. इलिगर यांनी ज्या कारणासाठी अर्थ आखडून घेतला, ते कारणच या प्रतिशब्दात हरवते. पाणकावळ्यासाठी तो वापरल्यास मुलांना बदक आणि पाणकावळा यांच्या पायांतला फरक कळणार नाही, आणि तो फरक कळावा म्हणूनच तर आपण हा खटाटोप करतो आहोत.

प्रतिसाद – प्रश्नकर्ता शिक्षक

सर्वांचे मनःपूर्वक आभार. प्राध्यापकांचा आक्षेप आम्हाला पटला असून ‘जालपाद’ हा शब्द आम्ही बदक, हंस आणि पाणकावळा या सर्वांच्या सामाईक परिचयात वापरू. पाणकावळ्याच्या पानावर पुढील मजकूर योजला आहे: ‘याच्या पायाची चारही बोटे पडद्याने जोडलेली असतात. जुन्या वर्गीकरणात अशा पक्ष्यांना स्टेगॅनोपोडीज या गणात ठेवत असत. आज पाणकावळा सुलिफॉर्मीस या गणात मोडतो. हा पक्षी गोड्या पाण्यावर राहतो, मात्र त्याचे काही भाऊबंद समुद्रपक्षी आहेत.’ शेजारी दोन ठशांचे चित्र असेल. यात काही बदल हवा असल्यास सुचवावा.

प्रतिसाद – टिळकवाडीतील निवृत्त प्राध्यापक

मजकूर बिनचूक आहे. दोनच सूचना. ‘हा पक्षी’ याऐवजी ‘आपल्याकडील छोटा पाणकावळा’ असे लिहावे, कारण नुसत्या पाणकावळा या नावाखाली कुळातील इतर जातीही येतात. दुसरी सूचना छायाचित्रांविषयी आहे. या संज्ञेशी मिळतेजुळते ‘स्टेगॅनोपस’ हे एका फॅलॅरोपच्या प्रजातीचे नाव आहे. तो अमेरिका खंडातील, चिखलपक्ष्यांच्या जवळचा, बोटांना अगदी अरुंद झालर असलेला लहानसा पक्षी असून त्याचा पाणकावळ्याशी काहीही संबंध नाही. महाजालावर शोध घेताना या दोन नावांची सरमिसळ होते, तेव्हा पायाचे छायाचित्र निवडताना ते पाणकावळ्याचेच आहे, याची पडद्याने जोडलेल्या पहिल्या बोटावरून खात्री करून घ्यावी.