मदत हवी आहे : कातरीन एस्लिंगचा मूकपट कोणत्या वेगाने दाखवावा?

फ्रेंच दिग्दर्शक ज्याँ रेन्वारची पहिली पत्नी आणि त्याच्या मूकपटांची नायिका कातरीन एस्लिंग. बोलपट आल्यावर ‘ला शिएन’ (१९३१) मधली भूमिका तिच्याऐवजी जानी मारेझला मिळाली. तिचा ‘ला पतित मार्शांद दालुमेत’ (‘आगपेट्या विकणारी छोटी मुलगी’, १९२८) हा मूकपट मला दाखवायचा आहे.

हाती असलेली डिजिटल प्रत नंतर संगीत जोडलेल्या प्रिंटवरून केलेली दिसते. प्रत सेकंदाला २४ चौकटींची आहे. एकेक चौकट पुढे सरकवून पाहिली, तर पुनरावृत्त चौकट सापडत नाही (कमी वेगाचं चित्रण २४ वर बसवताना काही चौकटी दोनदा घेतात). म्हणजे वेग दुरुस्त केलेला नाही. मूळ चित्रण सेकंदाला १८ चौकटींचं असेल तर ४० मिनिटांचा ऐवज ३० मिनिटांत उरकतो.

खरी पंचाईत अशी, की एस्लिंगचा अभिनय मुद्दामच कळसूत्री बाहुलीसारखा आहे. त्यामुळे तिच्या चालीवरून वेग ठरवता येत नाही. घोड्यांची दौड की पडणाऱ्या वस्तू, कशावरून मोजावं? १८, २० की २२?

दुसरं, प्रिंटच्या कडेला छापलेल्या ध्वनिपट्टीमुळे चित्राची डावी कड कापली गेली आहे. पडद्यावर रुंदी-उंचीचं प्रमाण मूकपटांचं १.३३ ठेवायला वरखाली आणखी कापणं मला पटत नाही, १.१९ च ठेवावं का? पूर्ण चौकटीची प्रत कुठे मिळेल?