जाड्या सेरिफने कोकम कोकणी होतं का?

काळी शाई: कालची पोस्ट वाचून डोकं फिरलं. म्हणे, '१९५०च्या वळणाचा ठळक सेरिफ लावा, कोकणी मालाला आपोआप वारसा येतो.' कुणाचा वारसा? क्लॅरेंडन, म्हणजे तोच टोकांना पाय फुटलेला जाड सेरिफ फाँट, १८४५ साली लंडनला निघाला, १९५३ मध्ये स्वित्झर्लंडच्या हास या छपाईचे खिळे ओतणाऱ्या फाउंड्रीने नव्याने आणला. त्याचं मालवणच्या कोकम सरबताशी नातं काय? वर इंग्रजी नाव पैलवानासारखं, खाली मराठी कॉम्प्युटरवरच्या मंगल फाँटमध्ये, मुंगीएवढं.

लेबलवाला, रत्नागिरी: असली लेबलं मीच करतो, बोला. क्लॅरेंडन काढलाच मुळी मजकुरात एखादा शब्द उठून दिसावा म्हणून. बाटलीला दुसरं काय हवं? पुण्याचं गिऱ्हाईक दुकानात फार वेळ थांबत नाही.

काळी शाई: मग मराठीही उठवा की! जाड देवनागरी कशी डौलदार होते ते कमल शेडग्यांनी नाटकांच्या जाहिरातींत दाखवून ठेवलंय. रोझा वन हा फाँट तर फुकट मिळतो, दोन्ही लिप्या आहेत त्यात.

लेबलवाला: रोझाच्या बारीक रेघा पुठ्ठ्यावर उडतात, आणि सगळंच जाड केलं तर शाई पसरून 'क्ष'चं पोट बुजतं. छापून बघितलंय कधी, की स्क्रीनवरच?

देवगडचो झिल: फाँटाचा सोडा रे. पेटयेर जाड अक्षरात 'देवगड हापूस' आणि आत कर्नाटकचो आंबो, त्याचा काय? माझ्या भयणीन वाशीसून पेटी आणल्यान. साल जाड, रस पांचट!

लेबलवाला: विषय काय, चाललंय काय! आणि हापूसला २०१८ मध्ये जीआय, म्हणजे भौगोलिक मानांकन, मिळालं ते पाच जिल्ह्यांना. देवगडाने सातबारा नावावर करून घेतलेला नाही.

देवगडचो झिल: इलो रत्नागिरीकर! आमच्या नावार धंदो करूचो आणि वर माकाच शिकवचा?

पावशी फाटा: जीआय कागदावर. पेट्या कोऱ्या मिळतात बाजारात, नाव छापलेल्या. कोणीही भरा. आमच्या बागेतला आंबा दलाल कुठल्या पेटीत घालतो ते आम्हालाच ठाऊक नसतं.

काळी शाई: बघा! अक्षर नुसतं दिखाऊ झालं की असंच होतं.

लेबलवाला: हो, कर्नाटकचा आंबा क्लॅरेंडननेच आणला! बरं बाबा, पुढच्या बाटलीवर मराठी नाव हाताने काढून घेतो, इंग्रजीएवढंच मोठं. पेंटरचं बिल काळी शाईंना पाठवतो.

देवगडचो झिल: धाडा. पण आदी पेटयेर बागायतदाराचा नाव घाला. बारीक अक्षरात चलात.