शरणपूरचा लोहार

सी-401: जावई कंपनीच्या कामाने केनियात मोंबासाला आहेत, त्यांनी हा फोटो पाठवलाय. चौकात कमानीला टांगलेली जुनी घंटा. गाडीवाल्याने विचारलं, इंडियात कुठले? हे म्हणाले, नाशिक. तर तो म्हणे, ही वस्ती तुमच्या नाशिकहून आलेल्यांनीच वसवली. काहीतरीच ना?

ए-104: व्हॉट्सअ‍ॅप युनिव्हर्सिटीची शाखा मोंबासातही उघडली वाटतं 😂

बी-202 सर: अहो, खरं सांगितलंय त्याने. ती फ्रियरटाऊनची घंटा, म्हणजे सुटलेल्या गुलामांसाठी मिशनने वसवलेल्या वस्तीची. गुलामांचे व्यापारी येताना दिसले की वाजवायची, म्हणून बांधलेली. आणि ती वस्ती ज्यांच्या जिवावर उभी राहिली ती पोरं आपल्या शरणपूरला वाढलेली. आपण रोज ज्या रस्त्याने सीबीएसला जातो, तेच शरणपूर.

ए-203: सर, थोडं सविस्तर सांगा ना. लेकीलाही वाचून दाखवते.

बी-202 सर: लांबेल, पण सांगतो. 1854 च्या सुमारास विल्यम सॉल्टर प्राइस नावाच्या पाद्र्याने शरणपूरची वसाहत उभी केली. त्या काळात आफ्रिकेच्या पूर्व किनाऱ्यावरून अरबी गलबतं भरभरून गुलाम न्यायची. इंग्रजांचं आरमार ती अडवायचं आणि त्यातली मुलं मुंबईला उतरवायचं. गाव कुठलं, आईबाप कोण, काही धड सांगता यायचं नाही त्यांना. अशी बरीच मुलं शरणपूरला आली. लिहायला-वाचायला शिकायची आणि जोडीला हातात एक धंदा. सुतारकाम, लोहारकाम वगैरे.

बी-305: म्हणजे आपले सिद्दी ते हेच का?

बी-202 सर: नाही. जंजिऱ्याचे सिद्दी त्याच्या कितीतरी आधीचे. शिवाजी महाराजांच्या काळात ते राज्य करत होते. ही मुलं एकोणिसाव्या शतकातली. तिकडे यांना 'बॉम्बे आफ्रिकन' म्हणतात.

सेक्रेटरी: टँकर साडेपाचला येतोय. बी विंगने गाड्या हलवाव्यात 🙏

बी-202 सर: माझी मागेच आहे. तर या मुलांपैकी लोकांना माहीत असतो तो जेकब वेनराइट. आफ्रिका धुंडाळणारा इंग्रजांचा प्रसिद्ध मिशनरी लिव्हिंगस्टन, त्याच्या मदतीला स्टॅनले या पत्रकाराने 1872 मध्ये जी माणसं पाठवली, त्यात हा होता. पुढच्या वर्षी लिव्हिंगस्टन वारला. सुसी आणि चुमा या त्याच्या जुन्या आफ्रिकन सोबत्यांच्या पुढारपणाखाली या लोकांनी त्याचं शव वाळवून, गुंडाळून किनाऱ्यापर्यंत वाहून आणलं. हजार मैलांच्या वर. झाडावर त्याचं नाव कोरलं ते वेनराइटने. 18 एप्रिल 1874 ला वेस्टमिन्स्टर अ‍ॅबीत दफन झालं, तेव्हा शवपेटीला खांदा देणाऱ्यांत तो होता. नाशिकला शिकलेला पोरगा! आणि हाच लिव्हिंगस्टन आधी नाशिकच्या पोरांना आळशी म्हणून नावं ठेवत होता.

ए-104: कमाल आहे. शब्द मागे घेतो सर.

बी-202 सर: पण मला विचाराल तर खरा माणूस वेगळाच. विल्यम जोन्स. पूर्व आफ्रिकेतल्या याव जमातीचा, लहानपणीच गुलाम झालेला, सुटका होऊन इकडे आलेला. शिकला लोहारकाम. 1864 मध्ये त्याला मोंबासाजवळच्या रबईला पाठवलं, रेबमान या जर्मन मिशनऱ्याच्या ठाण्यावर. किलिमांजारोवर बर्फ आहे म्हणून ज्याला युरोपात वेड्यात काढलं, तोच हा रेबमान. 1874 नंतर फ्रियरटाऊन उभं राहिलं, शरणपूरची बरीच मंडळी तिकडे गेली, सोडवलेल्या मुलांची नवी शाळा तिथे सुरू झाली. आणि 1885 मध्ये बिशप हॅनिंग्टनने जोन्सला पाद्रीपदाची पहिली दीक्षा दिली.

डी-102: सर, माफ करा, पण हे सगळं धर्मांतरासाठीच होतं ना? अनाथ पोरं हातात आली की बाप्तिस्मा. त्यात कौतुक कसलं?

बी-202 सर: धर्मांतर होतंच, नाकारत नाही. एवढंच नाही, फ्रियरटाऊनमध्ये मिशनचा गोरा कारभारी लोकांना फटके मारायचा. 1881 मध्ये त्याची सरकारी चौकशी झाली. साहेबांचं कौतुक करायला मी बसलोच नाही. मी बोलतोय जोन्सबद्दल.

त्याच वर्षी, 1885 ला, हॅनिंग्टन युगांडाला निघाला तो जोन्सला बरोबर घेऊन. निम्म्यावर गेल्यावर पन्नासएक माणसं घेऊन बिशप पुढे गेला आणि बाकीचा सगळा तांडा जोन्सच्या भरवशावर मागे ठेवला. पुढे गेलेल्यांना राजा म्वांगाच्या हुकमाने मारलं. चार जण कसेबसे परत आले. आता विचार करा, अनोळखी मुलूख, दीडशे हमाल, अन्न संपत आलेलं, मागून हल्ला होईल ही भीती. खात्री पटेपर्यंत तो तिथे थांबला आणि मग सगळ्यांना घेऊन फेब्रुवारी 1886 मध्ये रबईला पोचला. तांड्यापुढे निळं निशाण, त्यावर पांढऱ्या अक्षरात एकच शब्द, 'इखाबोद'. बायबलमधला. वैभव गेलं, असा अर्थ.

ए-203: बाप रे. 😔

बी-202 सर: अजून मुख्य गोष्ट राहिली. किनाऱ्यावरच्या मळ्यांतून पळालेले गुलाम रबईला यायचे. मिशनचा नियम होता, पळपुट्यांना थारा द्यायचा नाही, मालक चिडतील. जोन्स आणि त्याचे लोक त्यांना ठेवून घ्यायचे. घर बांधायला जागा द्यायची, शेत लावून द्यायचं, विचारपूस नंतर. 1888 मध्ये मालकांनी दंगा केला तेव्हा मोजदाद झाली, तर मिशनच्या ठाण्यांवर मिळून असे सुमारे 1400 जण निघाले! शेवटी इंग्रजांच्या पूर्व आफ्रिका कंपनीने मालकांना पैसे मोजले आणि 1 जानेवारी 1889 ला रबईत त्यांना मुक्ततेचे कागद वाटले. इतिहासात नाव लागलं कंपनीच्या मॅकेंझीचं. पण त्याआधी कित्येक वर्षं ती माणसं लपवली कोणी? स्वतः गलबतातून सुटलेल्या लोहाराने.

डी-102: हे मात्र मान्य. नियम मोडला ते बरं केलं. तरी त्या मुलांची मूळची नावं गेली, भाषा गेली, त्याचं काय? जोन्स काय, वेनराइट काय!

बी-202 सर: तुमचा मुद्दा रास्त आहे. मॅथ्यू वेलिंग्टन नावाचा एक होता, शव वाहून आणणाऱ्यांतला. मूळ नाव चेंगविंबे. तो 1935 पर्यंत जगला, मोंबासातच. बहुतेकांचं मूळ नाव असं टिकलंच नाही.

सी-401: जावयांना सगळं फॉरवर्ड केलं. म्हणतायत, आता रबईलाही जाऊन येतो.

ए-203: सर, रविवारी सकाळी आम्हाला शरणपूर दाखवाल का? चालत जाऊ. लेक मागे लागलीये.

बी-202 सर: आनंदाने. सातला गेटपाशी. जुनं फार उरलेलं नाही हं, आधीच सांगतो.

सेक्रेटरी: रविवारी सातला टाकी धुणार आहेत, त्यामुळे नऊपर्यंत पाणी बंद. आणि सर, तुमची गाडी अजून हलली नाही.

बी-202 सर: निघालो, निघालो. ताई, मग शनिवारी जाऊ.