येस बँक वाचवली ते चूकच होते का?

खातेवही: ‘बुडणाऱ्या खासगी बँकेला सरकारने हात लावू नये, बाजारच काय तो निवाडा करील’ हे इथले विधान वाचून राहवले नाही. 5 मार्च 2020 रोजी येस बँकेवर रिझर्व्ह बँकेचे निर्बंध आले आणि 50,000 रुपयांपलीकडे खातेदारांना स्वतःचेच पैसे काढता येईनात. संचालक मंडळ बाजूला सारून स्टेट बँकेला पुढे केले नसते, तर ती घबराट इतर बँकांच्या दारात यायला किती दिवस लागले असते? 18 मार्चला निर्बंध उठले. बाजाराला हे जमले असते का?

मुक्तबाजार: प्रश्न वेगाचा नाही, त्याची किंमत कोणी मोजली याचा आहे. येस बँकेला वाचवताना तिने गुंतवणूकदारांना विकलेले 8,400 कोटींहून अधिक रकमेचे रोखे एका फटक्यात शून्य केले गेले, आणि त्यांत निवृत्तीची पुंजी गुंतवलेली माणसेही होती. मुंबई उच्च न्यायालयाने जानेवारी 2023 मध्ये रोखे शून्य करण्याचा तो निर्णय रद्द केला. शंभर किंवा त्याहून अधिक शेअर असलेल्यांचे 75 टक्के शेअर तीन वर्षे गोठवले. अर्ध्या डावात नियम बदलणाऱ्यावर गुंतवणूकदाराने विश्वास का ठेवावा?

ठेवीदारकन्या: मोठ्या बँकेसाठी तेरा दिवस पुरले. पंजाब अँड महाराष्ट्र सहकारी (पीएमसी) बँकेवर सप्टेंबर 2019 मध्ये निर्बंध आले, तेव्हा सुरुवातीची मर्यादा 1,000 रुपये होती आणि दुसऱ्या बँकेत विलीनीकरणाला जानेवारी 2022 उजाडले. आमच्या तालुक्यातील एका सहकारी बँकेत वडिलांचे सात लाख अडकले, तेव्हा आई पासबुक पिशवीत घालून दर सोमवारी त्या बँकेच्या पायरीवर बसून येत असे.

मुक्तबाजार: पण त्या सहकारी बँकांत संचालक आपल्याच माणसांना कर्जे वाटतात, हे गावाला ठाऊक असते. तरीही लोक जास्त व्याजासाठी तिथे जातात.

ठेवीदारकन्या: माझे वडील व्याजासाठी गेले नव्हते. चालत जाता येईल अशी ती एकच बँक होती. न पाहिलेल्या माणसाच्या माथी हाव मारू नका.

मुक्तबाजार: ते वाक्य मागे घेतो.

खातेवही: ताईंचा मुद्दा मला मान्य करावाच लागेल. ठेव विमा, म्हणजे बँक अडचणीत आल्यास ठेवीदाराला मिळणारी हमीची रक्कम, एक लाखावरून पाच लाख झाला तो फेब्रुवारी 2020 मध्ये, आणि निर्बंधांनंतर 90 दिवसांत ती रक्कम देण्याची तरतूद 2021 मध्ये आली. हे आधीच व्हायला हवे होते.

मुक्तबाजार: स्टेट बँकेने 10 रुपयांना घेतलेल्या येस बँकेच्या शेअरांपैकी काही 2025 मध्ये जपानी बँकेला 21.50 रुपयांनी विकले. जनतेचा पैसा बुडाला नाही, एवढे मान्य. रोख्यांबाबतचे माझे मत मात्र तेच आहे.

ठेवीदारकन्या: आम्हाला विम्याचे पाच लाख मिळाले. उरलेल्या दोन लाखांसाठी आई आजही अर्जाची प्रत जपून ठेवते.