अभयारण्यात गेलात, तर तिथली जमीन कशी होती? आपले अनुभव लिहावेत

अभयारण्यातून परतलेल्या माणसाला "काय दिसले?" असे विचारले जाते आणि उत्तरात एखाद्या प्राण्याचे नाव अपेक्षित असते, तो प्राणी ज्या माळावर, दलदलीत किंवा राईत जगतो, तिची चौकशी क्वचितच होते. म्हणून येथे प्राण्यांच्या यादीऐवजी आपण पाहिलेल्या अधिवासाविषयी लिहावे, अशी सर्वांना विनंती आहे.

सुरुवात मी माझ्या सोलापूर जिल्ह्यापासून करते. माळढोकासाठी १९७९ साली घोषित झालेल्या अभयारण्याचे क्षेत्र आरंभी सुमारे ८५०० चौरस किलोमीटर होते आणि त्यात गावे व शेतेही आली होती; २०१२ मध्ये ते सुमारे १२०० चौरस किलोमीटरवर आणले गेले. याच अभयारण्यातील नान्नजला माळढोक दिसणे आता दुर्मिळ झाले आहे, तरीही पावसाळा संपल्यावर तो माळ पाहायला अवश्य जावे. कुसळी गवत तेव्हा पिकलेले असते. एक कुसळ तळहातावर घेऊन मी त्यावर पाण्याचा थेंब सोडला, तेव्हा त्याची पीळदार शेपटी उलगडत सावकाश फिरू लागली. पावसाच्या ओलाव्यात याच फिरण्याने बी मातीत शिरते. हिवाळ्यात दूर उत्तरेकडून येणारे भोवत्या पक्षी रात्री उंच गवतात जमिनीवरच मुक्काम करतात, तर धाविक पक्ष्याला खुरटे, उघडे रान लागते, म्हणजे एकाच माळावर दोन्ही तऱ्हेची जागा शिल्लक राहावी लागते. अशा जमिनीला "पडीक" ठरवून तिच्यावर झाडे लावण्याची जी हौस सर्वत्र दिसते, तिचे मला मनापासून वाईट वाटते. माळावर दाट झाडी वाढली की माळाचे पक्षी तिथून जातात.

*निफाड तालुक्यातून :*

नांदूर मध्यमेश्वर आमच्यापासून जवळ आहे. गोदावरी आणि कादवा यांच्या संगमाजवळ ब्रिटिश काळात बंधारा झाला, त्यामागे वर्षानुवर्षे गाळ साचत गेला आणि त्या गाळातूनच उथळ पाणी, बेटे व पाणवनस्पती असा अधिवास तयार झाला. जलाशयात गाळ साचणे हे एरवी नुकसानच, पण इथे पक्ष्यांचे सारे जगणे त्याच्यावर उभे आहे. आंतरराष्ट्रीय महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या रामसर यादीत समाविष्ट झालेले हे महाराष्ट्रातील पहिले स्थळ होय; ही घोषणा जानेवारी २०२० मध्ये झाली.

येणाऱ्यांना एकच सांगणे आहे, पाण्याच्या पातळीची चौकशी करून निघावे. वरच्या धरणांतून आवर्तन सुटले की पातळी वाढते, चिखलाच्या कडा बुडतात आणि तिथे चरणारे तुतवार व पाणटिवळे हे पक्षी दुसरीकडे सरकतात. थापट्या आणि तलवार बदकांना मात्र उघडे पाणी मिळते. पाणी उतरल्यावर खानगाव थडीच्या बाजूने जांभळ्या पाणकोंबड्या पायाच्या लांब बोटांत पाणवनस्पतीचा देठ पकडून सोलताना दिसतात. ते अवश्य थांबून पाहावे.

*नवी मुंबईहून :*

पाण्याच्या पातळीचा मुद्दा ठाणे खाडीलाही तंतोतंत लागू पडतो. खाडीचा पश्चिम किनारा २०१५ साली फ्लेमिंगो अभयारण्य झाला आणि २०२२ मध्ये खाडीला रामसर दर्जा मिळाला. ओहोटीला चिखल उघडा पडतो आणि छोटे रोहित (फ्लेमिंगो) चोच उलटी धरून त्यातील सूक्ष्म शैवाल गाळून खातात. भरतीत तोच चिखल पाण्याखाली जातो, तेव्हा हजारो पक्षी नवी मुंबईतील पाणथळ जागांवर येऊन उभे राहतात. त्या जागांपैकी अनेक अभयारण्याच्या सीमेबाहेर आहेत. पक्ष्याच्या दिवसाचे दोन भाग असतील, तर संरक्षण त्यातील एकाच भागाला असून कसे चालेल? ऐरोलीहून नौका भरतीच्या वेळा पाहूनच सुटतात, त्यामुळे कोष्टक आधी पाहणे सोयीचे ठरते.

*जुन्नरहून :*

भीमाशंकरला शेकरू पाहायचे असेल, तर नजर वर ठेवावी. ते जमिनीवर क्वचितच उतरते आणि एका झाडावरून दुसऱ्यावर झेप घेत फिरते, म्हणून झाडांचे शेंडे एकमेकांना भिडलेले असणे हाच त्याचा खरा अधिवास आहे. रस्ता थोडा रुंद झाला तरी त्याची वाट तुटते. काटक्यापानांचे गोल घरटे दिसले म्हणजे त्यात शेकरू असेलच असे नाही, कारण एकच शेकरू अनेक घरटी बांधते. याच रानातला हिरडा गोळा करून इथल्या महादेव कोळी कुटुंबांना चार पैसे मिळतात, हेही नोंदवायला हवे.

*डिचोलीहून :*

आमच्याकडे गोव्यात चोडण बेटावरचे डॉ. सालिम अली पक्षी अभयारण्य आहे. क्षेत्र दोन चौरस किलोमीटरहूनही कमी, आणि जवळजवळ सगळे कांदळवन. रायबंदरच्या फेरीबोटीने पलीकडे उतरून ओहोटीच्या वेळी आत जावे. तिवराची श्वसनमुळे तेव्हा चिखलातून पेन्सिलीएवढी वर आलेली दिसतात आणि त्यांच्यामधून निवटे हे चिखलातले मासे सरपटत जातात. मुळांजवळचा गाळ हातात घेतला, तर कुजलेल्या अंड्यासारखा वास येतो. त्या चिखलात प्राणवायू जवळपास नसतो, म्हणून तिवराला श्वासासाठी मुळे वर काढावी लागतात. भरतीच्या वेळी गेलेल्यांना यातले काहीच दिसत नाही, फक्त पाण्यात उभी झाडे दिसतात.